बेदाण्याचं शेड, म्हशीचा दाखला आणि माझा पहिला चित्रपट

फेब्रुवारी २०२५ मध्ये माझ्या पहिल्या मराठी चित्रपटाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र मिळालं. कथा, पटकथा, दिग्दर्शन माझं. निर्मितीही माझीच, कारण दुसरं कुणी तयार नव्हतं. तेव्हापासून विटा, मिरज, कराड, जतकडच्या लिहिणाऱ्या मुलामुलींचे फोन येतात. कॅमेरा कुठला वापरला हे क्वचितच कुणी विचारतं. "मॅडम, पहिला अर्ज कुठं करायचा?" हा प्रश्न मात्र हमखास असतो. मलाही त्या वेळी हेच सांगणारं कुणी भेटलं नव्हतं, म्हणून घडलं तसं क्रमाने लिहिते.

मी सांगलीत ज्युनिअर कॉलेजात मराठी शिकवते. माहेर तासगाव तालुक्यातलं. कॉलेजात असल्यापासून एकांकिका करत आले. सांगलीत त्याचं कुणाला नवल नाही. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली इथेच 'सीता स्वयंवर' केलं आणि दर ५ नोव्हेंबरला आम्ही सगळे नटूनथटून रंगभूमी दिन साजरा करतो. पण सिनेमा म्हटलं की सांगलीकर लगेच म्हणतो, "ते कोल्हापूरचं काम." स्टुडिओ तिकडे, मराठी चित्रपट महामंडळही तिकडे, त्यामुळे म्हणण्यात तथ्य आहे.

कथा सुचली २०२१ मध्ये. माझा एक चुलतभाऊ तेव्हा तेहतीसचा होता. द्राक्षबाग, बोअर, नवीन बांधलेलं घर, दारात गाडी, आणि लग्न जमत नव्हतं. गावात त्याच्या वयाची अशी पोरं पारावर मोजून घ्यावी एवढी. मुलींच्या घरच्यांना पुण्यातली नोकरी हवी होती. त्याच्या आयुष्यावरून लिहायचं तर त्याला विचारणं भाग होतं. विचारलं. तो जरा वेळ गप्प बसला आणि म्हणाला, "लिही. पण माझी बाग माणिक चमनची आहे, तू सिनेमात सोनाका कर. मग कोण म्हणायचं न्हाई की ह्यो त्योच." द्राक्षाची जात बदलली की माणूस ओळखू येत नाही, हा तासगावी हिशेब मला फार आवडला. तरीही त्याची संमती मी कागदावर घेतली. खऱ्या माणसावरून लिहिणाऱ्यांनी हे आधी करावं, नातेवाईक असला तर नक्कीच.

पहिला मसुदा मी काकूंच्या घराच्या सोप्यात, म्हणजे ओसरीत, मोठ्याने वाचून दाखवला. मुलगी बघायला जाण्याच्या प्रसंगात मुलीचा बाप विचारतो, "शेती किती?" तिथे काकूंनी थांबवलं. "बाई, शेती किती हे आता कोण विचारतंय? आता विचारतात शेती आहे न्हवं, आणि पोरगा शेतात जात न्हाई न्हवं?" संवाद जसाच्या तसा पटकथेत गेला. पुढे हीच पद्धत ठेवली: प्रसंग लिहायचा, गावात वाचायचा, लोक जिथे हसतील किंवा खाकरतील तिथे खूण करायची. मला पटकथेचं जे काही शिक्षण मिळालं त्यातलं निम्मं पुण्याच्या चित्रपट महोत्सवात रांगा लावून मिळालं आणि निम्मं या सोप्यात.

पटकथा हातात आल्यावर २०२२ च्या मध्यात मी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सभासदत्व घेतलं. आधी सभासद व्हायचं आणि मग पटकथेची पीडीएफ चढवायची. सगळं घरबसल्या होतं आणि फार खर्चिक नाही. नोंदणीचा शिक्का मारलेली प्रत परत मिळते. अमुक तारखेला हे लिखाण माझ्याकडे होतं, एवढाच तिचा अर्थ. कॉपीराइटची सरकारी नोंदणी वेगळी. लिखित कृतीसाठी तिची फी ५०० रुपये आहे आणि अर्जानंतर कुणाची हरकत येते का यासाठी ३० दिवस थांबावं लागतं. ते दिवस संपले की लगेच प्रमाणपत्र येतं असं नाही, माझं कित्येक महिन्यांनी आलं. मी दोन्ही केलं. कुणालाही पटकथा मेलवर पाठवण्याआधी निदान पहिलं तरी करून घ्या.

मग पैसा. एका निर्मात्याने वर्षभर "बघू, करू" करत झुलवलं आणि शेवटी नायिका वाढवून दोन गाणी घाला म्हणाला. तो विषय तिथेच सोडला. स्वतःची प्रोप्रायटरशिप, म्हणजे एकटीच्या मालकीची फर्म, काढायची ठरवली. छोट्या व्यवसायाची उद्यम नोंदणी सरकारी पोर्टलवर फुकट होते. बाहेर तिचे दीड-दोन हजार मागणारे बसलेले असतात, त्यांच्याकडे जायची गरज नाही. पॅन माझंच चाललं, बँकेत फर्मच्या नावाने चालू खातं उघडलं. अनुदानित कॉलेजात नोकरी असल्यामुळे संस्थेची ना-हरकत घ्यावी लागली. ते पत्र यायला अडीच महिने गेले आणि त्या काळात मी स्टाफरूममध्ये कुणाशी भांडले नाही, हेही नमूद करते.

निम्मे पैसे शिक्षकांच्या पतसंस्थेचं कर्ज आणि माझी शिल्लक. बाकीचे नातेवाईक आणि जुन्या नाटकवाल्या मित्रांकडून. बेदाण्याची पट्टी मिळाल्यावर काका रोख नोटांची पिशवी घेऊन आले. आमच्या सीएने ती पिशवी उघडूही दिली नाही. वीस हजार किंवा त्याहून जास्त रक्कम कर्जाऊ रोखीत घेता येत नाही, आयकराचा कायदा आडवा येतो. पिशवी बँकेत गेली, तिथून माझ्या खात्यात, आणि प्रत्येकाशी साधा लेखी करार झाला. त्या वेळी शंभरचा स्टॅम्प पेपर चालायचा. ऑक्टोबर २०२४ पासून तिथे पाचशेचा लागतो. काकांना करार हा अपमान वाटला होता. पण पुढे अनुदानाच्या अर्जाला खर्चाचा सगळा हिशेब मागितला तेव्हा हेच कागद उपयोगी पडले.

चित्रपटाच्या नावाची नोंदणी कोल्हापूरला, अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळात केली. सांगलीहून कोल्हापूर पन्नास किलोमीटर, त्यामुळे मुंबई वाचली. अर्जात दोन-तीन नावं सुचवावी, कारण मनातलं पहिलं नाव बहुधा कुणीतरी घेऊन ठेवलेलं असतं. माझंही होतं. आता जे नाव आहे ते तिसऱ्या क्रमांकावर लिहिलेलं, आणि सगळे म्हणतात तेच शोभतं. नोंदणीचं पत्र जपून ठेवा, सेन्सॉरला लागतं.

चित्रीकरण फेब्रुवारी-मार्च २०२४ मध्ये ठरलं. बेदाण्याचा हंगाम तेव्हाच असतो, दुसरा पर्याय नव्हता. ग्रामपंचायतीचा ठराव, पोलीस ठाण्याला लेखी कळवणं, ज्यांच्या शेडमध्ये आणि घरात शूट त्यांचं संमतीपत्र, एवढ्यावर गावातलं काम भागलं. एसटी स्टँडवर एक प्रसंग होता. एसटीच्या विभागीय कार्यालयात अर्ज करून, भाडं आणि अनामत भरून तो करता आला असता. पण गर्दी आवरण्याचा खर्च बघून मी प्रसंगच गावाबाहेरच्या पिकअप शेडमध्ये नेला. तो तिथे जास्त चांगला झाला.

खरी परीक्षा म्हशीची. कथेत काकांची म्हैस आहे, नायक तिच्याशी बोलतो. पडद्यावर कुठलाही प्राणी दाखवायचा तर भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी शूटच्या आधी लागते आणि शूट झाल्यावर त्यांचंच ना-हरकत प्रमाणपत्र. मंडळाचं कार्यालय हरियाणात, बल्लभगडला. म्हशीच्या मालकाचं प्रतिज्ञापत्र, पशुवैद्यकांचा तब्येतीचा दाखला, प्रसंगाचं वर्णन, ती काय करणार, किती वेळ उभी राहणार, सगळं लिहून द्यायचं. तालुक्याचे पशुवैद्यक दाखल्यासाठी गोठ्यात आले तेव्हा काकू म्हणाल्या, "आमचं ब्लडप्रेशर कुणी बघितलं न्हाई कधी, म्हशीचं बघायला साहेब घरी आलं." अर्ज शूटच्या निदान दोन महिने आधी करावा. आणि अर्जात जी म्हैस आहे तीच दिसायला हवी. एका चांगल्या शॉटमध्ये गावातलं कुत्रं आरामात चालत गेलं, तो शॉट संकलनात काढावा लागला. खेड्यात कुत्रं, कोंबडी आणि शेळी चुकवून कॅमेरा लावणं हे स्वतंत्र कौशल्य आहे.

शेडबद्दल सविस्तर सांगते, कारण आमचं सगळं वेळापत्रक त्याने ठरवलं. द्राक्षाचे घड डिपिंग ऑइल आणि पोटॅशियम कार्बोनेटच्या पाण्यात बुडवून काढतात आणि हिरव्या शेडनेटखाली एकावर एक बांधलेल्या जाळ्यांवर पसरतात. साधारण दोन आठवड्यांत बेदाणा होतो. पण या दोन आठवड्यांत जाळीवरचा माल रोज वेगळा दिसतो. पहिल्या दिवशी टपोरा, तेलकट, हिरवा. चार दिवसांनी कातडी सैल. आठवड्याने पिवळसर झाक आणि सुरकुती, आणि वासही बदललेला. आमच्या सहायिकेने कागदावर कलाकारांच्या तारखा जुळवून सुंदर तक्ता केला होता. शेडच्या मालकांनी तो बघितला आणि म्हणाले, "ताई, ह्या दिवशी माल असा नसतोय." म्हणजे आई-मुलाच्या भांडणाची सुरुवात हिरव्या द्राक्षांसमोर आणि शेवट सुकलेल्या बेदाण्यासमोर, आणि कथेत मधे गेलेली असतात दहा मिनिटं! तक्ता मोडला. मालाचा दिवस पहिला, दुसरा, पाचवा, नववा असे रकाने केले आणि प्रसंग त्यात बसवले. पुण्याहून येणाऱ्या मुख्य कलाकाराला त्यापायी जास्त हेलपाटे पडले. बिचाऱ्याने तक्रार केली नाही, फक्त दर वेळी दोन किलो बेदाणा नेला.

आवाज जागेवरच घ्यायचा हट्ट माझा होता. शेडनेट वाऱ्याने फडफडतं, त्यामुळे संवाद पहाटे नाहीतर संध्याकाळी पाचनंतर. आणि फेब्रुवारी म्हणजे लग्नसराई. ज्याचं लग्न जमत नाही अशा मुलाचा हळवा प्रसंग चालू असताना मागे कुणाच्या तरी वरातीचा डीजे. एकदा तो आवाज मुद्दाम ठेवला. गाणं ओळखू येऊ नये म्हणून नुसता ठेका राहील एवढं केलं, नाहीतर गाण्याचे हक्क घ्यावे लागले असते. मोबाइलची रिंगटोन, टीव्हीवर चाललेली मालिका, पानटपरीवरचं गाणं या सगळ्यांचं तसंच. शूटच्या जागेवरचे मोबाइल बंद ठेवायला एक माणूस नेमावा. काकूंनी गायलेली जात्यावरची ओवी मात्र आहे. ओवी परंपरेची, पण गळा त्यांचा, म्हणून त्यांच्याशी रीतसर करार आणि मानधन. गावातल्या सगळ्यांनाच मानधन दिलं, थोडं का होईना, आणि खात्यावर. फुकट बोलावलेला माणूस दुसऱ्या दिवशी कुणाच्या तरी लग्नाला जातो.

शूटचा खर्च चौदा लाखांच्या आसपास आला. मला वाटलं होतं की मुख्य खर्च संपला. संकलन सांगलीतच एका मुलाने केलं, पण रंगसंस्कार, ध्वनिमिश्रण, सबटायटल, डीसीपी (थिएटरात दाखवायची डिजिटल प्रत) हे सगळं पुण्या-मुंबईत, आणि त्याला जवळजवळ तेवढाच पैसा लागला. सगळं मिळून एकतीस लाख. एप्रिलपासून नोव्हेंबरपर्यंत दर शुक्रवारी संध्याकाळी पुण्याची एसटी आणि रविवारी रात्री परत. हा काळ सगळ्यात एकाकी गेला. शूटला शंभर माणसं असतात, शूटनंतरच्या कामाला तुम्ही आणि एक स्क्रीन. तोच संवाद इतक्या वेळा ऐकला की तो मराठीत आहे की कशात तेही कळेना. सप्टेंबरात मी संपूर्ण पंधरवडा चित्रपटाकडे बघितलं नाही, उत्तरपत्रिका तपासल्या. बरं वाटलं.

डिसेंबरात सेन्सॉर. अर्ज ई-सिनेप्रमाण या पोर्टलवर स्वतःला भरता येतो. "सगळं मी बघतो" म्हणणाऱ्या एका मध्यस्थाने जी रक्कम सांगितली त्यात आमचं सबटायटल आलं असतं. मुंबईच्या प्रादेशिक कार्यालयाकडे अर्ज, संवादांसह पूर्ण पटकथा, सारांश, नावनोंदणीचं पत्र, जीवजंतू मंडळाचं प्रमाणपत्र. आमच्या चित्रपटात आजोबा सतत तंबाखू मळतात. तंबाखू दिसली की सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर किमान ३० सेकंदांची आरोग्यविषयक चित्रफीत, २० सेकंदांचं दृक्‌श्राव्य निवेदन, आणि तंबाखू दिसते त्या प्रत्येक क्षणी पडद्याच्या तळाशी इशारा, हे सगळं घालावं लागतं. चंची काढून आजोबांच्या हातात सुपारी द्या असं सगळ्यांनी सुचवलं. मी चंची ठेवली. त्या वयाचा आमच्याकडचा माणूस अवघड बोलायचं असलं की आधी चुना लावतो. तो वेळच प्रसंगाचा जीव होता.

कागदपत्रांत दोन त्रुटी निघाल्या, त्या दुरुस्त करण्यात नाताळ गेला. जानेवारीच्या शेवटी तपासणीचा शो लागला. महालक्ष्मी एक्सप्रेसने मिरजेहून रात्री निघाले. समिती चित्रपट बघत असते तेव्हा आपण आत नसतो. दार बंद, आणि आपण बाहेर खुर्चीवर. आतून एकदा हसण्याचा आवाज आला आणि कुठला प्रसंग असेल याचा मी घड्याळ बघून हिशेब करत बसले. काकूंचाच होता. मग आत बोलावतात आणि विचारतात. प्रश्न मुद्द्याचे होते. एका म्हणीत जातीचं नाव होतं, ते मूक करायला सांगितलं. गावात ती म्हण अशीच बोलतात असं मी म्हटलं, त्यांनी ऐकून घेतलं, शब्द गेलाच. आत्महत्येच्या प्रयत्नाचा एक प्रसंग आहे, तो कमी करायला सांगितला आणि त्यामुळेच 'यूए १३+', म्हणजे तेरा वर्षांखालच्या मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाने बघावा असं, प्रमाणपत्र मिळालं. ही वयोगटांची विभागणी नव्या नियमांनंतरची; पूर्वी नुसतं 'यूए' असायचं. पटलं नाही तर पुनरीक्षण समितीकडे जाता येतं. त्यांचाही निर्णय मान्य नसेल तर उच्च न्यायालय, कारण मधलं अपील न्यायाधिकरण २०२१ मध्ये बंद झालं. मी बदल मान्य केले. प्रसंग कमी झाल्यावर उलट जास्त बोचतो, हे संकलकाने आधीच सांगितलं होतं. बदल करून पुन्हा सादर केल्यावर दोन-तीन आठवड्यांत प्रमाणपत्र पोर्टलवर आलं.

मग राज्य सरकारच्या अनुदानाचा अर्ज. दर्जेदार मराठी चित्रपटांसाठी ही योजना आहे: 'अ' दर्जा मिळाला तर ४० लाख, 'ब' दर्जा मिळाला तर ३० लाखांपर्यंत. प्रमाणपत्र मिळाल्यावरच अर्ज करता येतो, आणि तो गोरेगावच्या दादासाहेब फाळके चित्रनगरीत असलेल्या सरकारच्या चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाकडे जातो. समिती चित्रपट बघते, गुण देते, त्यावर दर्जा ठरतो. आमचा अर्ज गेला आहे, निकाल यायचा आहे. अनुदान गृहीत धरून कर्ज काढू नका, एवढं कळकळीने सांगते. माझा पतसंस्थेचा हप्ता पगारातून कापला जातो आहे आणि तसं धरूनच मी गणित मांडलं होतं.

प्रदर्शन थोडकं झालं. सांगलीत आठवडाभर, तेही दुपारचे खेळ. मे महिन्यात गावात देवळासमोर पडदा लावला. आमच्या भावाने बागेची जात ऐकली आणि समाधानाने मान हलवली. बाकी सगळ्या गावाने पहिल्या पाच मिनिटांत त्याला ओळखलं होतं. खेळ संपल्यावर वाद पेटला. म्हातारी माणसं पोरींच्या बापांना नावं ठेवत होती. बी. एस्सी. झालेली, पुण्यात नोकरी करणारी गावातलीच एक मुलगी उभी राहिली. "पोरांची लग्नं का होत नाहीत यावर दोन तास सिनेमा आहे. पोरींना इथं का राहायचं नाही, हे एका वाक्यात उरकलंय." मी म्हटलं, गोष्ट मुलाची आहे. ती म्हणाली, "मग दुसरी पोरीची करा." तिच्या आईने तिला खाली बसवलं.

दुसरी लिहायला घेतली आहे. विट्याकडचे गलाई व्यावसायिक सोनं-चांदी गाळायला देशभर पांगलेले असतात. ही गोष्ट त्यांच्या मागे गावातली घरं चालवणाऱ्या बायकांवर आहे. या वेळी सभासदत्व, फर्म, बँकखातं सगळं आहे, म्हणून वेळ वाचेल. प्राणी एकही नाही. परवा खानापूर तालुक्यात पहिलं वाचन केलं तेव्हा एका काकूंनी चहा खाली ठेवायच्या आत विचारलं, "मानधन देणार की नुसता चहा?" आकडा तिथेच ठरवला आणि दोघींनी वहीत सही केली.